बासिलेउस : राजा की वतनदार?

प्रश्न : होमरच्या 'ओडिसी' या ग्रीक महाकाव्यात नायक ओडिसिअसच्या इथाके बेटावर त्याच्याखेरीज आणखीही पुष्कळ 'राजे' असल्याचा उल्लेख येतो. एवढ्याशा बेटावर इतके राजे कसे? मूळ शब्द कोणता आणि त्याला मराठीत काय म्हणावं?

प्रतिसाद १ : मूळ शब्द 'बासिलेउस'. पहिल्या सर्गात ओडिसिअसचा मुलगा टेलेमाखस म्हणतो, इथाकेत तरुण-म्हातारे बासिलेउस पुष्कळ आहेत. वडील गेले असतील तर त्यांच्यातल्या कुणीही त्यांची जागा घ्यावी, माझ्या घराचा धनी मात्र मीच. या 'धनी'साठी 'अनाक्स' हा निराळा शब्द आहे. आठव्या सर्गात ओडिसिअसला आसरा देणारा अल्किनोओस सांगतो की आपल्या लोकांत बारा बासिलेउस आहेत आणि तो स्वतः तेरावा. होमरच्याच 'इलियड'मध्ये ट्रॉयवर चालून गेलेल्या ग्रीकांचा सेनापती अगामेम्नोनला 'बासिलेउतातोस' म्हटलंय, म्हणजे सगळ्यांत जास्त बासिलेउस. आपण कुणाला 'जास्त राजा' म्हणत नाही. 'थोर, थोरला' मात्र म्हणतो. ही थोरवी कमीजास्त होणारी आहे.

मायकेल व्हेंट्रिसनं १९५२ मध्ये लिनिअर बी ही प्राचीन ग्रीक लिपी उलगडली, तेव्हा याचं मूळ कळलं. मायसीनी, म्हणजे ग्रीक कांस्ययुगाच्या उत्तरकाळातल्या, त्या मातीच्या पाट्यांवर राजा म्हणजे 'वानाक्स', अनाक्सचंच जुनं रूप. बासिलेउसचं जुनं रूपही तिथं आहे, पण तो गावपातळीवरचा मुख्य. पिलोस इथल्या राजवाड्याच्या नोंदींत तो कांस्यकारांच्या गटावरचा. इ.स.पू. १२०० च्या सुमारास राजवाडे कोसळले, वानाक्स गेला आणि हा गावातला माणूस उरला. म्हणून मी 'वतनदार' म्हणेन. मान, जमीन, मेजवानीतला वाटा असं सगळं त्यात येतं.

प्रतिसाद २ : वतनाला वरून सनद लागते. बासिलेउसच्या वर देवराज झ्यूसशिवाय कोण? राजदंडही त्याच्याचकडून आलेला. मला 'सरदार'ही पटत नाही, तोही कुणाच्या तरी पदरी असतो. मूळ शब्दच ठेवावा.

प्रतिसाद १ : सनदेचा मुद्दा मान्य. पण 'राजा' लिहिलं की वाचकाच्या डोळ्यांपुढं राजवाडा उभा राहतो, आणि होमरचं इथाके म्हणजे आजची नेमकी कुठली जागा, या शोधात या राजवाड्यानंच फार घोटाळा केलाय असं माझं ठाम मत आहे. नवव्या सर्गात ओडिसिअस आपलं बेट सखल आणि अंधाराच्या, म्हणजे मावळतीच्या दिशेला सर्वांत टोकाचं असल्याचं सांगतो. आजचं इथाकी डोंगराळ, आणि शेजारच्या केफालोनिया बेटाच्या पूर्वेला. म्हणून जर्मन पुरातत्त्वज्ञ डोर्पफेल्ड जवळच्या लेफकाडा बेटावर खणत राहिला. २००५ मध्ये हौशी ब्रिटिश संशोधक बिटलस्टोननं केफालोनियाचं पालिकी द्वीपकल्प पुढं केलं. दिशेचं कोडं खरंच आहे. पण राजवाडा सापडत नाही एवढ्यावरून इथाकी बाद करू नये. काव्यातलं घर बघा : दारात शेणाचा ढीग, त्यावर म्हातारा आर्गोस कुत्रा पडलेला, आणि बाप लाएर्तेस मळ्यात स्वतः झाडांना आळी करतोय. 'इलियड'च्या नौकायादीतही अगामेम्नोनची शंभर जहाजं, ओडिसिअसची बारा. अशा घराचं जोतं तीन हजार वर्षांनी कितीसं उरणार?