चकल ब्रदर्स: २२ वर्षं तीच गंमत, याला कारकीर्द म्हणायचं?

खडूस_प्रेक्षक: इंग्लंडातल्या रॉदरहॅमचे बॅरी आणि पॉल एलियट म्हणजे चकल ब्रदर्स. बीबीसीवरची त्यांची 'चकलव्हिजन' ही मुलांची मालिका १९८७ ते २००९ चालली, भाग २९२. काल बरेचसे ओळीने पाहिले. शिडी नाहीतर कपाट उचलायचं, 'टू मी, टू यू' करत हेलकावे द्यायचे, शेवटी काहीतरी फुटायचं. १९६७ साली 'ऑपॉर्च्युनिटी नॉक्स' ही स्पर्धा जिंकलेल्या माणसांनी पुढे एवढंच करावं? ही कारकीर्द नव्हे, सरकारी नोकरी झाली.

लीड्सकर: अहो, ओळीने कशाला बघायचं? शाळेतून आलेल्या पोरांनी आठवड्याला एक बघायची मालिका ती. दर चार-पाच वर्षांनी प्रेक्षक मोठा होऊन निघून जातो, नव्याला सगळं नवंच. आणि सामान दाराशी अडकतं तेव्हा नीट बघा. पॉल हुकूम सोडतो, बुटका बॅरी निमूट ऐकतो, पण ढकलायच्या क्षणी दोघे अर्धा सेकंद मागेपुढे. हा अर्धा सेकंद रंगमंचावरच कमावलेला असतो. वडील जीन पॅटन विनोदी नटच, थोरले भाऊ जिमी आणि ब्रायनही त्याच धंद्यात. मालिकेतही दोघे अधूनमधून उगवतात.

खडूस_प्रेक्षक: घराणं कळलं हो. लॉरेल-हार्डीनेही जिन्यावरून पियानो चढवला, 'द म्युझिक बॉक्स', १९३२. ऑस्कर घेतलं आणि विषय संपवला.

जुनी_रिळं: संपवला कुठला! १९२७ च्या 'हॅट्स ऑफ'मध्ये त्याच जिन्यावरून त्यांनीच वॉशिंग मशीन चढवलं होतं. ती फिल्म हरवली म्हणून कोणी बोलत नाही एवढंच.

खडूस_प्रेक्षक: म्हणजे पाच वर्षांत वॉशिंग मशीनचा पियानो झाला. हे २२ वर्षांत कुठे पोचले?

लीड्सकर: सुरुवातीचे भाग स्टुडिओत बसून गप्पा आणि तुकडे जोडून केलेले, नंतरच्या भागांत बाहेर जाऊन सलग गोष्ट आहे. शिडी तीच, पण घोळ घालायला जागा वाढली. दोन्हीकडचा एकेक भाग लावून बघा, मग बोलू.

मधलीच_आळी: तुम्ही दोघे भलत्याच मुद्द्यावर भांडताय राव. दोष बीबीसीचा, आणि थोडा आपल्यासारख्या प्रेक्षकांचाही. मुलांसाठी काम करणाऱ्याला मोठ्यांच्या वेळेत कोण घेतो? २००८ साली मुलांच्या विभागात बाफ्टाचा विशेष पुरस्कार दिला, आणि पुढच्याच वर्षी मालिका बंद. २०१८ साली दोघे चॅनल ५ वर आले तेही लोकांच्या फजितीच्या क्लिपा दाखवायला. त्याच ऑगस्टमध्ये बॅरी गेले.

खडूस_प्रेक्षक: त्यांना कमी लेखलं गेलं असेलही. तेवढ्याने २९२ भाग चांगले ठरत नाहीत. तीस निवडून दाखवा, बघतो.

लीड्सकर: तीस? पन्नासची यादी टाकतो रविवारी.