मदत हवी आहे : रॉनी बार्करच्या कोट्या मराठीत आणायच्या कशा?

नमस्कार मंडळी,

आमच्या वाचनकट्ट्यावर मी रॉनी बार्करवर बोलणार आहे. इंग्लंडमधल्या बेडफर्डमध्ये १९२९ साली जन्मलेला हा विनोदी नट ‘पॉरिज’ या टीव्ही मालिकेतला कैदी फ्लेचर म्हणून बहुतेकांना माहीत असतो. मला मात्र त्याच्यातला लेखक जास्त भावतो. जेराल्ड वायली या टोपणनावाने तो प्रहसनं पाठवायचा. नाव बघून नव्हे, लेखन बघून निवड व्हावी म्हणून. केवढा हा प्रामाणिकपणा! हा वायली कोण, याचा शोध सहकलाकारही घेत होते.

अडलंय ते ‘टू रॉनीज’ या त्याच्या टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमातल्या १९७६ च्या हार्डवेअरच्या दुकानातल्या प्रहसनापाशी. बार्कर गिऱ्हाईक, रॉनी कॉर्बेट दुकानदार. गिऱ्हाईक ‘फोर्क हँडल्स’ मागतं, पण ‘ह’ गिळून. दुकानदार ऐकतो ‘फोर कँडल्स’ आणि चार मेणबत्त्या काढून ठेवतो. याला तर बागकामाच्या काट्यांचे दांडे हवे असतात! सगळं प्रहसन अशाच गोंधळावर चढत जातं आणि दुकानदार रडकुंडीला येतो.

श्रोत्यांत इंग्रजी न समजणारे आजी-आजोबाही आहेत. मूळ शब्द ठेवून समजावत बसलं की हसू विरून जातं. म्हणून दुकान तेच ठेवून कोट्या मराठी कराव्यात असं वाटतं. माझ्याकडे ‘खिळा’ आणि ‘विळा’ एवढीच जोडी आहे, आणि ती फिकी आहे. हार्डवेअरच्या दुकानात शोभतील अशा, कानाला फसवणाऱ्या जोड्या कुणी सुचवाल का? कुणी रंगमंचासाठी असं रूपांतर केलं असेल तर अनुभव जरूर सांगा.