‘स्नायू’ म्हणजे मसल, मग हिंदीत नर्व्ह कशी?

प्रश्न : गोव्यातल्या मुलांची मोठी पंचाईत होते. हिंदीत ‘स्नायु तंत्र’ म्हणजे नर्व्हची यंत्रणा, मराठीत ‘स्नायू’ म्हणजे मसल, आणि घरी कोकणीत दोन्हीला ‘शीर’. मोटर न्यूरॉन आणि मसल फायबरला नेमके शब्द कोणते?

— मोटर न्यूरॉन म्हणजे प्रेरक चेतापेशी, स्नायूला आवळायचा संदेश देणारी; मसल फायबर म्हणजे स्नायुतंतू. घोळ जुना आहे. सुश्रुतसंहितेत ९०० स्नायू आणि ५०० पेशी मोजल्या आहेत. तिथले स्नायू म्हणजे बांधून धरणारे दोर, आणि पेशी म्हणजे मांसाचे गोळे. मराठीत स्नायू मांसाकडे सरकला आणि पेशी ‘सेल’ झाली.

‘तंतू’ मात्र जपून वापरा. चेतातंतू (नर्व्ह फायबर) हा चेतापेशीचा लांबलेला फाटा असतो, तर स्नायुतंतू ही अख्खी एक पेशी असते, तीही अनेक केंद्रकांची. मुलांच्या चुका बहुतेक इथेच होतात.

— एक चेतापेशी आणि तिच्या ताब्यातले सगळे स्नायुतंतू मिळून एक ‘प्रेरक एकक’. डोळा फिरवणाऱ्या स्नायूत एका चेतापेशीकडे जेमतेम दहाएक तंतू, पोटरीत हजारावर. माडावर चढणाऱ्या पाडेल्याने खोडावरच्या खोपीत (खाचेत) पाय रोवला की आधी लहान एकके जागी होतात, भार वाढला की मोठी. एक तंतू अर्धवट आवळत नाही, म्हणून जोर वाढवायचा तो एककांची संख्या आणि संदेशांची वारंवारता वाढवून.

— चेतेचे टोक स्नायुतंतूला भिडते त्या जागेला, ‘न्यूरोमस्क्युलर जंक्शन’ला, चेता-स्नायू संधी म्हणावे. संदेश टोकाला पोचला की तिथून ॲसिटिलकोलीन हे रसायन सुटते, तंतूच्या पृष्ठावरच्या ग्राहकांना (रिसेप्टरना) चिकटते, सोडियम आत शिरते. मग तंतूच्या आतल्या कोठारातले कॅल्शियम मोकळे होते आणि मायोसिन या प्रथिनाची डोकी ॲक्टिन या दुसऱ्या प्रथिनाला ओढू लागतात. ती सुटायला एटीपी, म्हणजे पेशीचे इंधन, लागते, कॅल्शियम परत कोठारात भरायलाही. म्हणजे सैल पडणे फुकट नाही. मेल्यावर एटीपी संपते आणि अंग ताठते.

नाग चावला की बिघाड नेमका या संधीत होतो : विष ग्राहक अडवून बसते. मण्यारीचे विष त्याशिवाय चेतेचे टोकच निकामी करते, म्हणून प्रतिविषाला उशीर झाला तर फारसा उपयोग होत नाही. आधी पापण्या मिटायला लागतात, पुढे श्वासाचे स्नायू थकतात. ‘शिरा ढिल्या पडल्या’ म्हणतात खरे, पण स्नायुतंतू धडधाकट असतो, त्याला निरोपच पोचत नाही.

प्रश्न : ‘वांब’ (पेटका) कुठे बसवायचा? पोटरीत वांब येतो त्याला ‘शिरेवर शीर चढली’ म्हणतात.

— शीर शिरेवर चढत नाही. प्रेरक चेतापेशी आपोआप, भराभर संदेश सोडत राहतात आणि स्नायू आवळलेलाच राहतो. गुडघा सरळ ठेवून पायाची बोटे नडगीकडे ओढा, पोटरी ताणली की वांब बहुधा सुटतो. वांब हा शब्द मात्र सोडू नका, ‘क्रॅम्प’ला तो अगदी चपखल बसतो.