कँडी क्रश: त्या लुकलुकणाऱ्या हिंटवर जाऊ नका

कँडी क्रश, म्हणजे मोबाइलवरचा एका रंगाच्या तीन गोळ्या जुळवून फोडायचा खेळ. त्याबद्दल "सगळा नशिबाचा खेळ आहे, डोकं लावून काही होत नाही" असं काही जण म्हणतात, हे काही पूर्ण पटलं नाही बुवा. नशीब आहेच, पण निम्मी वाट आपण घाईत लावतो. गोळ्या लुकलुकायला लागल्या की आपण लगेच सरकवतो, पण ती फक्त एक शक्य चाल असते, चांगली असेलच असं नाही.

मी शक्यतो खालून खेळते. खालच्या फुटल्या की वरच्या सगळ्या घसरतात आणि दोनचार जोड्या फुकटात जुळतात.

बाकी एका रंगाच्या चार गोळ्या एका ओळीत आल्या की पट्टेवाली (अख्खी ओळ उडवणारी), एल किंवा टी आकारात पाच आल्या की रॅपरवाली, आणि सरळ पाच आल्या की कलर बॉम्ब (एका रंगाच्या सगळ्या गोळ्या उडवणारा), हे सगळ्यांना माहितीये. पण कलर बॉम्ब मिळाला रे मिळाला की साध्या गोळीवर उडवू नका हो! शेजारी पट्टेवाली आणा आणि मग दोघांची अदलाबदल करा, त्या पट्टेवालीच्या रंगाच्या सगळ्याच गोळ्या पट्टेवाल्या होऊन फुटतात. परवा मी तीन चाली राहिल्या असताना हेच केलं आणि कोपऱ्यातली जेली (गोळ्यांखालचा थर, तो साफ करायचा असतो), जी आठवडाभर डोक्यात गेली होती, ती एकदाची गेली.

अपवाद चॉकलेटचा, म्हणजे गोळ्यांची जागा खाणाऱ्या अडथळ्याचा. एका चालीत एकही चॉकलेट फुटलं नाही तर ते पसरतं, त्यामुळे तिथे बॉम्ब साठवत बसायचं नाही, आधी ते निपटायचं.

आणि पाच लाइफ संपल्या की पैसे भरू नका, अर्ध्या तासात एक येतेच, तोवर कुकर लावून होतो :)