घरामागच्या रानात जिनसेंग सापडलंय, खणू का?

डोंगरवाट
मंडळी, आम्ही वेस्ट व्हर्जिनियात राहतो, मागे स्वतःचं सहा एकर रान आहे. परवा शेजारचे आजोबा फिरायला आले आणि उत्तरेच्या उतारावर गर्द सावलीत बोट दाखवून म्हणाले, हे बघ 'सँग'! (इकडे जिनसेंग या औषधी मुळाच्या झाडाला तसंच म्हणतात.) पाच-पाच पानांचे तीन पंजे, मधे लाल फळांचा झुपका. सुकवलेल्या मुळाला पाउंडामागे शेकडो डॉलर मिळतात म्हणे. मला पैशाचं एवढं नाही पण माझ्या हातून ते कायमचं संपायला नको. काय करू?

रानभाजी
ताई, तुमच्याकडे सीझन १ सप्टेंबर ते ३० नोव्हेंबर, त्याच्या बाहेर स्वतःच्या जमिनीतही खणायचं नाही. झाड किमान ५ वर्षांचं हवं. वय बघायला उपटू नका, बोटाने हळूच माती सारा, मुळाच्या मानेवर दरवर्षीच्या देठाची एक खूण राहते, चार खुणा म्हणजे पाच वर्षं. कमी दिसल्या तर माती परत लोटा. आणि फळं घरी नेऊ नका हो, तिथेच बी पेरा, उगवायलाच दीड वर्ष लागतं!

जुनागडी
हा धंदा फार जुना आहे, १७८४ ला न्यूयॉर्कहून पहिलं अमेरिकन जहाज चीनला गेलं त्यात मुख्य माल जिनसेंगच होता, आजही बहुतेक माल हाँगकाँग-चीनलाच जातो. विस्कॉन्सिनच्या शेतातलं मूळ स्वस्त जातं, रानातलं वाकडं, दाट वळ्यांचं असतं त्यालाच भाव. म्हणून चोऱ्या होतात, स्मोकी माउंटन्स राष्ट्रीय उद्यानात तर रेंजर (वनरक्षक) चोरीचा माल ओळखू यावा म्हणून मुळांना रंग लावून ठेवतात. एक सांगतो, मी पहिल्या वर्षी ब्रशने घासून चकचकीत केलं आणि ओव्हनमधे सुकवलं, व्यापाऱ्याने हातात घेऊन परत दिलं. एवढ्या वर्षांची झाडं वाया घालवली, अजून वाईट वाटतं. नुसतं पाण्याखाली धरा, वळ्यांतली माती राहू दे.

मेळघाटकर
आमच्याकडे सफेद मुसळीचं हेच झालं, बी पडायच्या आधीच लोक खणून नेतात. लाल फळ धरलेलं झाड दिसतंय तर नशीब समजा.

डोंगरवाट
आज आजोबांसोबत बघितलं. दोन झाडांना तीनच खुणा, झाकून टाकली. एकाला अकरा! तेवढं एकच काढलं, करंगळीएवढं आहे, मान मात्र बोटभर लांब. सगळ्या बिया तिथेच पानांखाली दाबल्या. आता सुकवायला चाळणीवर पसरू का, आणि किती दिवस?