मालक येरवड्यातून सुटून येणार आहेत, घरी कसं सांभाळू?

पूर्वभागची_लेक: आमचे मालक पुढच्या महिन्यात सुटतात. भांडणात त्यांच्या हातून माणूस गेला, त्याची शिक्षा. मी विड्या वळते, घरी सासूबाई आणि सातवीतली मुलगी. मागे संचित रजेवर (तुरुंगातून मिळणारी थोड्या दिवसांची सुट्टी) आले तेव्हा दारातच उभे राहायचे, कुणी ‘या’ म्हणेपर्यंत. रात्रभर जागे. मुलीला वाटतं पप्पा पुण्याला कंपनीत आहेत. मला त्यांना पाहुण्यासारखं ठेवायचं नाही. काय करू?

टॉवेल_लूम: ताई, मी स्वतः आत राहून आलोय. बराकीत रात्रभर दिवा जळतो, घरच्या अंधारात डोळा लागत नाही. थोडे दिवस बारीक दिवा ठेवा. जेवण संध्याकाळी बराक बंद करायच्या आधीच मिळतं, त्यामुळं सहालाच भूक लागते. नऊला ताट वाढलं आणि अर्धं ठेवलं तर राग मानू नका. दाराचं म्हणाल तर आत दार आपण उघडतच नाही, शिपाई उघडतो. घरच्या कडीला हात लावायला मी धजत नव्हतो बघा.

माझ्या बायकोनं एक केलं. सारखं विचारायची. ज्वारी कुठल्या दुकानातून आणू? कडक भाकरी करू का ताजी? मी चिडायचो, तुला कळतंय की! तरी विचारायची. आत कुणी आपल्याला काही विचारत नाही वो. दळण, लाइटबिल, भाजी पहिल्या आठवड्यापासून त्यांच्याकडं द्या. भावकीला मात्र लगेच जेवायला बोलावू नका.

कोर्टाजवळ: सुटकेचा दाखला जपून ठेवा. रेशनकार्डावरचं आणि मतदार यादीतलं नाव तपासा. तुरुंगात असताना मत देता येत नाही, सुटल्यावर येतं. कामधंद्यासाठी जिल्हा परिवीक्षा अधिकाऱ्यांना (प्रोबेशन ऑफिसर) भेटा. कुठं अडलं तर जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरण आहे, बाईमाणसाला तिथं वकील मोफत मिळतो.

सिद्धेश्वर_पेठ: काकू, माझे वडीलही आत होते. मला वर्गातल्या मुलीनं सांगितलं, सगळ्यांसमोर. वडिलांपेक्षा आईचा राग जास्त आला, कितीतरी दिवस बोलले नाही तिच्याशी. ते यायच्या आधी तुम्ही सांगा. काय घडलं तेही सांगा, माणूस गेला हेसुद्धा. सातवीतली मुलगी लहान नसते. येरवड्यात मुलांची गळाभेट ठेवतात, म्हणजे मुलांना वडिलांजवळ बसून भेटता येतं. महिन्याभरात असेल तर तिला घेऊन जा.

पूर्वभागची_लेक: रविवारी कारखान्याला सुट्टी असते, तेव्हा सांगते. सासूबाई नको म्हणतील, पण त्यांनाही जवळ बसवते. गळाभेटीचं उद्याच विचारते. दादा, दळणाचं लक्षात ठेवलंय.