ब्रिगिटे हेल्मला बोलपटाने संपवलं?

कुणीतरी लिहिलंय की बोलपट आले आणि मूकपटांतली जर्मन अभिनेत्री ब्रिगिटे हेल्म संपली. हे काही पटत नाही. 'मेट्रोपोलिस' (१९२७) हा मूकपट केला तेव्हा ती जेमतेम विशीची. त्यातली नायिका, साधी मारिया तीच आणि यंत्रमानवही तीच; लाकडाच्या लगद्याच्या त्या कडक पोशाखात अंग सोलवटून निघायचं म्हणे. 'अलराउने' तिने १९२८ मध्ये मूक केला, १९३० मध्ये पुन्हा बोलका. दिग्दर्शक पाब्स्टचा 'अटलांटिस' (१९३२) तर जर्मन, फ्रेंच, इंग्रजी अशा तिन्ही भाषांत निघाला आणि तिन्हींत राणी हीच! आवाजाची अडचण असती तर हे जमलं असतं का? १९३५ नंतर तिने स्वतःच पडद्याकडे पाठ फिरवली, उद्योगपतीशी लग्न करून स्वित्झर्लंडला गेली. पुढे १९९६ मध्ये वारेपर्यंत सिनेमावर मुलाखत द्यायलाही नाखूशच.